आधी लेखिका, मग मॉली

1929 साली न्यूयॉर्कच्या एनबीसी रेडिओ कंपनीत एक गृहिणी आपल्या नव्या मालिकेची संहिता घेऊन गेली. पानं हाताने लिहिलेली होती आणि अक्षर असं की साहेबांना ओळ लागेना. शेवटी तुम्हीच वाचून दाखवा, असं तिला सांगण्यात आलं. तिने वाचलं. लिखाण तर आवडलंच, पण ऐकल्यावर आईची भूमिका दुसऱ्या कुणाला देण्याचा प्रश्नच उरला नाही. 20 नोव्हेंबर 1929 ला पंधरा मिनिटांचा पहिला भाग प्रसारित झाला. शेअर बाजार कोसळून तेव्हा तीनच आठवडे झाले होते. मालिकेचं नाव ‘द राइज ऑफ द गोल्डबर्ग्ज’, आणि बाईंचं नाव गर्ट्रूड बर्ग. आठवड्याचे 75 डॉलर मिळणार होते, आणि बाकीच्या कलाकारांचे पैसेही त्यातूनच भागवायचे होते.

कुटुंब, घर, शेजार आणि रोजची छोटी कटकट यांतून विनोद काढणारी मालिका आज जगात कुठेही चॅनल लावलं की दिसते. ती पद्धत रेडिओवर रुजवणाऱ्या आणि पुढे टेलिव्हिजनवर नेणाऱ्या मोजक्या लोकांत ही बाई अगदी पुढे होती. ती आपल्या मालिकेची लेखिका, निर्माती आणि नायिका, तिन्ही एकाच वेळी होती. तरीही अमेरिकन टीव्हीवरच्या विनोदी स्त्रिया म्हटलं की ल्युसिल बॉलचं नाव पहिलं येतं. ल्युसिल बॉल मोठीच होती, त्याबद्दल वाद नाही. पण ‘आय लव्ह ल्युसी’ सुरू झाली ऑक्टोबर 1951 मध्ये. तोपर्यंत गर्ट्रूड बर्गने रेडिओ, रंगभूमी, सिनेमा आणि टेलिव्हिजन अशी चारही माध्यमं एकाच कुटुंबाच्या गोष्टीवर पालथी घातली होती.

मी या धंद्यात आले ती आकाशवाणीच्या श्रुतिका लिहीत; पुढे मराठी मालिकांचे संवाद लिहिण्यात बरीच वर्षं गेली. त्यामुळे मला तिच्याबद्दल जे वाटतं ते प्रेक्षकाचं कौतुक कमी आणि एकाच कामावर बसणाऱ्या बाईचा जिव्हाळा जास्त. उद्याचा भाग आज लिहून द्यायचा असतो. पात्रं तीच, खोली तीच, आणि तरी काहीतरी घडायला हवं असतं. हे काम करताना डोकं किती रिकामं होतं हे ज्याचं त्यालाच कळतं. या बाईने रेडिओ मालिकेचे पाच हजारांहून अधिक भाग लिहिले, असं सांगतात. हा आकडा मी पहिल्यांदा वाचला तेव्हा तिच्या अभिनयाबद्दलचे लेख बाजूला ठेवले आणि ती लिहायची कशी याच्या मागे लागले.

तिचं जन्मनाव टिली एडलस्टाइन. जन्म न्यूयॉर्कचा, हार्लेममधल्या ज्यू वस्तीतला. वडिलांचं कॅटस्किल डोंगरात फ्लाइशमन्स या गावी उन्हाळी हॉटेल होतं. शहरातली ज्यू कुटुंबं उन्हाळ्यात तिथे हवापालटाला यायची. पाऊस लागला की पाहुणे वैतागायचे, मुलं रडायची, आणि कंटाळलेला पाहुणा बोचकं बांधून निघून जाईल ही मालकाला धास्ती. तेव्हा ही मुलगी छोटे प्रवेश लिहून पाहुण्यांना करून दाखवायची. म्हणजे विनोद ती शिकली तीच मुळी धंद्याची गरज म्हणून. समोरच्याने उठून जाता कामा नये, ही पहिली अट. रोजच्या मालिकेची अट आजही तीच आहे.

घरात दुःखही होतं. तिचा भाऊ लहानपणीच घटसर्पाने गेला. आई त्यातून सावरली नाही. पुढे तिला मनोरुग्णालयात ठेवावं लागलं. अमेरिकेतली सगळ्यात प्रेमळ, खंबीर, सगळ्यांचं ऐकून घेणारी आई जिने लिहिली, तिच्या स्वतःच्या वाट्याला तशी आई फार कमी आली. तिच्यावर लिहिणारे बहुतेक जण हे जोडून पाहतात, आणि मलाही ते पटतं. जे घरात मिळालं नाही ते कागदावर बारकाईने लिहिता येतं, कारण त्याची उणीव किती आणि कुठे कुठे होती हे पाठ असतं.

त्याच हॉटेलात पाहुणा म्हणून आलेला लुइस बर्ग हा केमिकल इंजिनियर तिचा नवरा झाला. लग्न 1918 चं. त्याच्या नोकरीपायी दोघं लुईझियानात साखर कारखान्याच्या आवारात राहिली. कारखाना जळाला आणि कुटुंब न्यूयॉर्कला परतलं. दोन मुलं पदरात होती. तिने रेडिओच्या दारात पाय ठेवला तो या सगळ्यानंतर. पहिली मालिका दुकानात काम करणाऱ्या दोन मुलींची, ‘एफी अँड लॉरा’. एकाच भागानंतर ती बंद करण्यात आली. दुसरी म्हणजे गोल्डबर्ग.

गोल्डबर्ग कुटुंब समजायला एकदम सोपं. न्यूयॉर्कमधली भाड्याची जागा. जेक हा कपड्यांच्या धंद्यातला, डोक्याने तापट पण मनाचा चांगला बाप. सॅमी आणि रोझली ही शाळकरी मुलं. घरातच राहणारे मॉलीचे डेव्हिड काका. आणि मॉली. पुढे त्यांचा पत्ता ठरून गेला: 1038 ईस्ट ट्रेमाँट अव्हेन्यू, ब्राँक्स. मॉली खिडकीतून शेजारणीला हाक मारायची, ‘यू-हू, मिसेस ब्लूम!’ ती हाक अख्ख्या देशाच्या तोंडी बसली. मधल्या अरुंद बोळात खिडक्या समोरासमोर असल्या की स्वयंपाक सोडून न जाता गप्पा मारता येतात. ज्यांचं बालपण गिरगाव-परळच्या चाळीत गेलं त्यांना हे निराळं समजावून सांगायला नको.

आई-वडील युरोपातून आलेले, त्यांच्या इंग्रजीला यिडिशचा हेल. मुलं मात्र इथेच वाढलेली, त्यांचं बोलणं साफ अमेरिकन. या एका फरकावर बर्गने वर्षानुवर्षं गोष्टी उभ्या केल्या. मॉलीचे शब्द घसरायचे. रात्र झाली की नवऱ्याला ती म्हणायची, जेक, उशीर झाला, आता ‘एक्स्पायर’ व्हायची वेळ झाली. म्हणायचं असायचं झोपायला जायची. श्रोते हसायचे. पण त्या घसरण्यामागे मॉली वेडी आहे असं एकदाही वाटत नाही. ती चुकीचा शब्द वापरून बरोबर गोष्ट बोलते, आणि घरातल्या सगळ्यात साफ इंग्रजी बोलणाऱ्या मुलाला अडचण आली की तो तिच्याकडेच येतो.

त्या काळी ही साधी गोष्ट नव्हती. अमेरिकन रेडिओवरची सगळ्यात गाजलेली मालिका होती ‘एमॉस अँड अँडी’. त्यात दोन गोरे पुरुष कृष्णवर्णीयांच्या बोलण्याची नक्कल करून हशा मिळवत. परक्याच्या उच्चाराला हसणं हा तेव्हा रंगमंचावरचा हुकमी माल होता. ज्यू, आयरिश, इटालियन, कुणी सुटलं नव्हतं. बर्गने तोच हेल घेतला, पण तो घराच्या आतून ऐकवला. ऐकणारा मॉलीला हसता हसता तिच्या बाजूचा होऊन जातो. मला विचाराल तर तिचं सगळ्यात मोठं काम हेच. विनोद लिहिणाऱ्याला रोज एक निवड करावी लागते: पात्राला खाली ढकलून हशा काढायचा, की त्याला जवळ घेऊन. पहिला रस्ता लवकर संपतो. पाच हजार भाग त्या रस्त्याने जाणं शक्यच नाही.

आता तिचं रोजचं काम. पहाटे सहाला उठून ती लिहायला बसायची. सकाळभर लिखाण, मग स्टुडिओ, तालीम, दिग्दर्शनाच्या सूचना आणि थेट प्रक्षेपण. ध्वनिमुद्रण करून ठेवायची सोय तेव्हा रुळलेली नव्हती. बोललं ते गेलं. ती चुकली तर देश ऐकायचा. 1931 मध्ये पेप्सोडेंट टूथपेस्टची कंपनी प्रायोजक म्हणून आली आणि मालिका जवळजवळ रोजची झाली. एकदा आजारपणामुळे तिचा आवाज काही दिवस रेडिओवर आला नाही तर हजारो पत्रं कंपनीत येऊन पडली.

ती साधे कपडे करून लोअर ईस्ट साइडला, ऑर्चर्ड स्ट्रीटच्या बाजारात फिरायची. हातगाड्यांपाशी उभ्या असलेल्या बायका भाव कसा करतात, पोराला कसं दटावतात, वाक्य कुठे अर्धं सोडतात, हे ऐकत राहायची. तोवर ती पार्क अव्हेन्यूवर राहणारी श्रीमंत बाई झाली होती. पैसा आला की कानाला सगळ्यात आधी गंज चढतो. लिहिणाऱ्यांच्या बाबतीत मी हे जवळून पाहिलं आहे. रस्त्यावरून चालणारा माणूस गाडीत बसायला लागतो आणि त्याची पात्रं एकसारखी बोलायला लागतात. बर्गने ते होऊ दिलं नाही. बाजारात जाणं हा तिच्या कामाचा भाग होता, हौस नव्हती.

स्टुडिओतही तिचा एक हट्ट होता. गोष्टीत मॉली अंडी तळत असेल तर माईकसमोर खरी अंडी तळायची. रोझलीचं डोकं धुवायचं असेल तर पाणी खरं आणि केसही खरे. श्रुतिकेत आवाजांसाठी आम्हीही नाना उद्योग केले आहेत. कपबशीची किणकिण, दाराची कडी, जिन्यावरची पावलं. पण तिचं कारण थोडं वेगळं होतं असं मला वाटतं. खरं अंडं तव्यावर पडलं की नट त्याच्याकडे बघून बोलतो. ते करपेल म्हणून त्याचा हात घाई करतो, आणि त्या घाईने वाक्य तुटतं. लिहून आणता न येणारी ती तुटकी वाक्यं तिला हवी होती.

रेडिओवरच्या मालिकेत हसणारे प्रेक्षक नव्हते. हशा किती आला हे कळायला मार्गच नाही. विनोदाची वाक्यं पेरून मध्ये थांबायचं, ही नाटकाची पद्धत तिथे उपयोगाची नाही. थांबलात की शांतताच ऐकू येते. म्हणून मॉलीचे विनोद बोलण्याच्या ओघात येतात आणि जातात. आमच्या लहानपणी आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर ‘पुन्हा प्रपंच’ लागायचं, त्यात नीलम प्रभूंच्या मीनावहिनी, पंत आणि टेकाडे भावजी बोलत, तेव्हाही असंच व्हायचं. स्वयंपाकघरात काम करत ऐकणारी आई गालात हसायची आणि तिचा हात थांबायचा नाही. दोन देश, दोन काळ, एकमेकांची खबर नाही, पण माध्यमाने दोघांना एकाच वाटेवर नेलं.

मला सगळ्यात जास्त हलवून गेलेला भाग विनोदी नाही. वर्ष 1939, वल्हांडणाचा सण. नोव्हेंबर 1938 मध्ये जर्मनीत एका रात्रीत ज्यूंची दुकानं फोडली गेली, प्रार्थनास्थळं जाळली गेली. त्याला सहा महिनेही झाले नव्हते. गोल्डबर्ग कुटुंब सणाच्या जेवणाला बसलेलं आहे. प्रार्थना चालू आहेत. आणि खिडकीची काच फोडून एक दगड घरात येतो. बस, एवढंच. जर्मनीवर भाषण नाही. मुलं घाबरतात, मॉली त्यांना धीर देते आणि सणाचा विधी पुढे चालू ठेवला जातो. ज्या देशात ज्यूंविरुद्ध उघड बोलणारे पाद्रीच रेडिओवर गाजत होते, त्या देशाच्या दिवाणखान्यात तिने तो दगड टाकला. रोज ऐकणाऱ्याला हे घर आपलं वाटत होतं, म्हणूनच तो दगड त्यालाही लागला. दहा वर्षं अंडी, भाडं आणि शाळेच्या गोष्टी सांगून तिने जी ओळख जमवली होती, ती अशा एका रात्री कामाला आली.

युद्धाच्या काळात सॅमीचं काम करणारा आल्फ्रेड रायडर खरोखरच सैन्यात गेला आणि गोष्टीतला सॅमीही भरती झाला. 1945 मध्ये रेडिओवरची मालिका थांबली. 1948 मध्ये तिने तेच कुटुंब ‘मी अँड मॉली’ या नाटकातून ब्रॉडवेवर आणलं. जेकच्या भूमिकेत तिने फिलिप लोएब या जुन्याजाणत्या नटाला घेतलं. त्याच्याकडे पुढे यायचंच आहे.

नाटक झाल्यावर ती टेलिव्हिजनकडे वळली. तिचं जुनं घर असलेल्या एनबीसीने नको म्हटलं. सीबीएसच्या अधिकाऱ्यांनाही ही गोष्ट चित्रात चालेल असं वाटेना. तेव्हा ती थेट कंपनीचे प्रमुख विल्यम पेली यांच्याकडे गेली आणि एकदा करून दाखवायची संधी मागितली. संधी मिळाली, आणि जानेवारी 1949 मध्ये ‘द गोल्डबर्ग्ज’ टेलिव्हिजनवर थेट सुरू झाली. प्रायोजक जनरल फूड्स, त्यांचा माल सँका कॉफी.

या काळातले काही भाग टिकले आहेत. थेट प्रक्षेपण चालू असताना समोरच्या पडद्यावरून फिल्म कॅमेऱ्याने टिपून ठेवलेले, करडे, थोडे धुरकट. त्यांची सुरुवात मी परत परत पाहिली आहे. मॉली खिडकीच्या चौकटीवर कोपर टेकून बाहेर डोकावते. बाहेर कोण? आपणच. ती थेट कॅमेऱ्यात बघून बोलते, शेजारीण समोर असावी तशी. कट्ट्यावर सँकाच्या रिकाम्या डब्यात लावलेलं एक रोप आहे. बोलता बोलता विषय कॉफीवर येतो: यातलं 97 टक्के कॅफीन काढलेलं असतं, झोप मात्र राहू दिलेली असते. जाहिरात कधी सुरू झाली ते कळत नाही. मग ती हसते, वळते, खोलीत शिरते, आणि तीच बाई तोच चेहरा घेऊन गोष्टीत दाखल होते. मध्ये कट नाही, संगीत नाही. मालिकेत प्रायोजकाचा माल घुसवायला सांगितलं की लेखकाच्या पोटात गोळा येतो. हिने ती सक्तीच पात्राच्या स्वभावात मुरवली. शेजारणीला चांगल्या वस्तूचं नाव सांगणं हे मॉली तसंही करतच असते.

ती त्या वेळी पन्नाशीच्या उंबरठ्यावर होती, अंगाने भरलेली, घरगुती झग्यातली. कॅमेऱ्यासमोर विनोदी नायिका अशी दिसू शकते हे तिने वाद न घालता दाखवून दिलं. 1951 च्या जानेवारीत एमी पुरस्कारांत उत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार पहिल्यांदाच दिला गेला, तो तिला मिळाला. पॅरामाउंटने याच कुटुंबावर सिनेमाही काढला होता. आणि नेमकं तेव्हाच पायाखालची जमीन सरकत होती.

जून 1950 मध्ये ‘रेड चॅनल्स’ नावाची एक पुस्तिका निघाली. रेडिओ-टीव्हीतल्या 151 लोकांची नावं, आणि प्रत्येकापुढे तो कम्युनिस्टांशी संबंधित वाटाव्या अशा कुठल्या संस्थांत होता, कुठल्या पत्रकावर त्याची सही होती, याची यादी. काढणाऱ्यांत एफबीआयमधून बाहेर पडलेले लोक होते. पुस्तिकेला कायद्याची ताकद काहीच नव्हती. कुणावर खटला नाही, पुरावा नाही. पण अमेरिकन टेलिव्हिजनचा तेव्हाचा व्यवहार ध्यानात घेतला की तिची ताकद समजते. कार्यक्रमाचा पैसा एकाच प्रायोजकाचा. प्रायोजकाला भीती गिऱ्हाइकाची. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये जनरल फूड्सच्याच दुसऱ्या एका मालिकेतून जीन म्यूर या अभिनेत्रीला पहिल्या प्रक्षेपणाच्या तोंडावर काढण्यात आलं होतं. कारण काय, तर काही फोन आणि तारा.

फिलिप लोएबचं नाव त्या 151 मध्ये होतं. तो नटांच्या संघटनेतला जुना कार्यकर्ता; तालमीच्या दिवसांचे पैसे नटांना मिळावेत म्हणून लढलेला. आपण कम्युनिस्ट पक्षाचे सभासद नाही हे तो सांगत राहिला. प्रायोजकाने बर्गला जेक बदलायला सांगितलं. तिने नाही म्हटलं. मालिका तिच्या मालकीची होती, शब्द तिचा होता, आणि ती देशातल्या लोकप्रिय बायकांपैकी एक होती. तरी काही महिन्यांनी प्रायोजक गेला, आणि 1951 च्या उन्हाळ्यात सीबीएसने मालिका सोडली. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात सीबीएसवर सोमवारच्याच रात्री ‘आय लव्ह ल्युसी’ सुरू झाली. प्रेक्षकाला हसायला दुसरं घर मिळालं.

एनबीसी मालिका घ्यायला तयार होती, पण लोएब असेपर्यंत प्रायोजक मिळेना. महिने गेले. शेवटी लोएबला करारापोटी पैसे देऊन बाजूला करण्यात आलं आणि फेब्रुवारी 1952 मध्ये गोल्डबर्ग कुटुंब परत आलं, नव्या जेकसह. लोएबला टेलिव्हिजनवर पुढे काम मिळेना. त्याचा मुलगा गंभीर मानसिक आजाराने संस्थेत होता, त्याचा खर्च पेलेना. 1 सप्टेंबर 1955 ला न्यूयॉर्कच्या हॉटेल टाफ्टमध्ये झोपेच्या गोळ्या घेऊन त्याने जीव दिला. 1976 च्या ‘द फ्रंट’ या सिनेमात झीरो मोस्टेलने जो नट उभा केला आहे त्यात लोएबची छाया आहे; मोस्टेल त्याचा मित्रच होता आणि स्वतःही त्या काळात काम गमावून बसलेला.

बर्ग वाकली का? काही लोक तसं म्हणतात. मला ते अन्यायाचं वाटतं. मोठमोठ्या कंपन्यांनी एका फोनवर माणसं काढली तेव्हा तिने दीड वर्षाच्या आसपास एका नटासाठी आपली अख्खी मालिका पणाला लावली, आणि तिच्यावर अवलंबून असलेल्या इतर नटांचं, तंत्रज्ञांचं काम थांबलेलं असतानाही ती लगेच बदलली नाही. हेही खरं की शेवटी मालिका परत आली आणि लोएब आला नाही. या दोन्ही गोष्टी एकत्र धरूनच तिच्याकडे बघायला हवं. ज्यांनी पुस्तिका छापली आणि जे त्या पुस्तिकेला घाबरले, त्यांचा हिशेब बर्गच्या नावावर मांडू नये.

परत आलेली मालिका पूर्वीसारखी राहिली नाही. चॅनल बदलत गेलं, जेक बदलत गेले, आणि 1955 मध्ये गोल्डबर्ग कुटुंब ब्राँक्स सोडून हेवरव्हिल नावाच्या काल्पनिक उपनगरात राहायला गेलं. समोरासमोरच्या खिडक्या गेल्या आणि त्यांच्याबरोबर निम्मी गोष्टही गेली. बंगल्यांमध्ये हाक मारायला शेजारीण जवळ नसते. मालिका 1956 मध्ये संपली. याच काळात मॉली गोल्डबर्गच्या नावाने पाककृतींचं पुस्तक निघालं, तेही पाककृती-लेखिका मायरा वाल्डो हिच्या मदतीने, कारण बर्गचा स्वतःचा वेळ चुलीपुढे नव्हे तर टेबलापुढे गेला होता. काही जणांना यात फसवणूक दिसते. मला दिसत नाही. लेखिकेने स्वयंपाक केलाच पाहिजे असं नाही. तिच्या पात्राने केलेला स्वयंपाक खरा वाटला पाहिजे.

1959 मध्ये ‘अ मेजॉरिटी ऑफ वन’ या नाटकात तिने ब्रुकलिनच्या एका ज्यू विधवेचं काम केलं. या बाईचा मुलगा जपानविरुद्धच्या युद्धात मेलेला, आणि तिची मैत्री होते एका जपानी गृहस्थाशी. या भूमिकेसाठी तिला टोनी पुरस्कार मिळाला. सिनेमा झाला तेव्हा मात्र भूमिका रोझालिंड रसेलला देण्यात आली. 1961 मध्ये मुलगा चर्नी याच्यासह लिहिलेलं आत्मचरित्र ‘मॉली अँड मी’ प्रसिद्ध झालं. त्याच वर्षी तिने टीव्हीवर एक नवी मालिका सुरू केली, साठीतली विधवा कॉलेजात शिकायला जाते अशी. ती एकच वर्ष चालली. 14 सप्टेंबर 1966 ला तिचं निधन झालं. दफन झालं ते फ्लाइशमन्सच्या जवळच.

तिच्या संहितांचा आणि कागदपत्रांचा मोठा साठा सिरॅक्यूज विद्यापीठात जपलेला आहे. अविवा केम्पनर यांनी 2009 मध्ये ‘यू-हू, मिसेस गोल्डबर्ग’ हा माहितीपट काढला. सुरुवात तिथून करता येईल. मालिकेचं नाव घालून शोधाल तर आधी 2013 साली सुरू झालेली त्याच नावाची अमेरिकन मालिका पुढे येईल. तिचा या कुटुंबाशी काही संबंध नाही. मूळचे भाग मिळाले तर 1955 चे स्वच्छ, फिल्मवर चित्रित झालेले भाग नंतर पाहा. आधी 1949 चे धुरकट, थेट प्रक्षेपणाचे पाहा. त्यात जेक म्हणून फिलिप लोएब आहे. तो रागावतो, आवाज चढवतो, मग मॉलीकडे बघून आवाज उतरवतो. दोघं एकमेकांचं वाक्य संपायच्या आत बोलायला लागतात, कधी शब्द एकमेकांवर चढतात आणि कुणी ते दुरुस्त करत नाही.